मोबदल्यावर शिकले, आता त्याच गावावर माहितीपट काढू का?

वाचकाचा प्रश्न (ओळख पटू नये म्हणून काही तपशील बदलले आहेत): पत्र लिहिणाऱ्या बाई बेचाळीस वर्षांच्या आहेत, माहितीपट बनवतात. मूळ गाव पवनी-कुही पट्ट्यातलं, वैनगंगेच्या काठचं, गोसीखुर्द धरणाच्या बुडितात गेलेलं. २००८ मध्ये त्या शिकायला कॅनडात गेल्या आणि तिथल्याच झाल्या. आता तिकडचं नागरिकत्व आहे, भारतीय वंशाच्या परदेशी नागरिकांना मिळणारं ओसीआय कार्ड आहे. गाव उठलं २०१३ मध्ये. ते त्यांनी मोबाइलवर आलेल्या फोटोंतच पाहिलं. परदेशात स्थायिक झालेल्या माणसांवर त्यांनी केलेल्या छोट्या माहितीपटांचं तिकडे कौतुक झालं. आता स्वतःच्या गावावर मोठा माहितीपट करायचा आहे. विषय विस्थापन आणि सांस्कृतिक ओळख. टोरंटोतली एक संस्था पैसे द्यायला तयार आहे. अट अशी की निवेदन इंग्रजीत, बाईंच्या स्वतःच्या आवाजात हवं आणि गोष्ट 'दोन विस्थापनांची एकच कहाणी' अशी मांडायची. होकार मार्चअखेर कळवायचाय. मागच्या दिवाळीत नव्या गावठाणात त्यांनी कॅमेरा काढला, तेव्हा काकाजी चारचौघांत म्हणाले, "तू तं निघून गेली. आता आमच्या रडण्याचा सिनेमा काढून तिकडं बक्षीस घेशीन." चुलत भाऊ म्हणतो, बाबाले न सांगता मी शूटिंग करून पाठवतो. बाई विचारतात, "मी आता ना इथली, ना तिथली. आमची संस्कृती पाण्याखाली गेली, ती दाखवण्याचा मला हक्क आहे का?" आणि सहीच्या वर एक ओळ: "बाबांच्या वाट्याचा मोबदला माझ्या फीमध्ये गेला, काकाजींनीही त्यात भर घातली होती."

नमस्कार.

तुमच्या लांबलचक पत्रात मुळं, ओळख, तुटलेपण हे शब्द जागोजागी आहेत. मोबदल्याचं वाक्य मात्र एकदाच येतं, तेही जाता जाता. मला वाटतं, काकाजी जे बोलले ते त्या एका वाक्याबद्दल होतं.

गावाने आपल्याला परकं ठरवलं, असा त्यांच्या बोलण्याचा अर्थ तुम्ही लावलात. पण आपल्याकडे परक्याला असं कोणी बोलतं का? बाहेरून कॅमेरावाला आला की खुर्ची निघते, चहा येतो, "काढा ना साहेब फोटो" म्हणतात. चारचौघांत टोमणा मारायला माणूस घरचाच लागतो. काकाजींनी तुम्हाला घरच्या पोरीसारखंच झापलं, आणि घरच्या माणसाशी असतो तो हिशेब त्यांच्या मनात होता.

तो हिशेब जरा मांडून पाहू. गोसीखुर्दचं भूमिपूजन २२ एप्रिल १९८८ रोजी राजीव गांधींच्या हस्ते झालं, तेव्हा अंदाजित खर्च होता ३७२ कोटी. पुढे तो हजारो कोटींत गेला, २००९ मध्ये प्रकल्प राष्ट्रीय झाला, पण बुडितातल्या अनेक घरांत मोबदल्याचा चेक आला तो जुन्या दराचा आणि गाव उठायच्या कितीतरी आधी. चेक आला तेव्हा घर उभं होतं, धानाची बांधी पिकत होती. मग तो पैसा कुणाच्या लग्नात गेला, कुणाच्या मोटारसायकलीत, कुणाच्या दवाखान्यात. नव्या गावठाणात प्लॉट मिळून भिंती उभ्या करायची वेळ आली तेव्हा हातात काही नव्हतं. २०१३ मध्ये सरकारने सुमारे बाराशे कोटींचं विशेष पॅकेज दिलं ते उगाच नाही. तुमच्या घरी तो पैसा शिक्षणाला लागला. त्या पट्ट्यात मोबदल्याचा याहून चांगला उपयोग फार थोड्यांनी केला असेल, त्याबद्दल तुम्ही मान खाली घालायचं कारण नाही. पण काकाजींच्या बाजूनेही बघा. त्यांच्या बांधीचा काही हिस्सा टोरंटोत पदवी होऊन बसलाय. त्यांनी तो राजीखुशीने दिला असेल. त्यानंतर त्याबद्दल कोणी त्यांच्याशी दोन शब्द बोललं का? पत्रावरून तरी तसं दिसत नाही. आणि आता तुम्ही कॅमेरा घेऊन आलात, त्यांनी आणखी काही द्यावं म्हणून.

हक्काचं म्हणाल, तर प्रकल्पग्रस्ताचा दाखला जिल्हा पुनर्वसन कार्यालयातून मिळतो, त्यावर सरकारी नोकरीत पाच टक्के समांतर आरक्षण आहे. माहितीपट काढण्यासाठी असा दाखला देणारं कार्यालय नाही. उद्या मी इथे "हो, आहे तुम्हाला हक्क" असं छापलं तरी काकाजी ते मानणार नाहीत, आणि "नाही" म्हटलं तरी तुमच्या डोक्यातला माहितीपट थांबणार नाही. म्हणून तो प्रश्न बाजूला ठेवा. (तुमच्या घरातला दाखला कुणाच्या नावावर निघाला, हे मात्र विचारून घ्या. तो कुटुंबातल्या एकालाच मिळतो आणि त्यावरून भावाभावांत अबोले झालेले मी ऐकलेत.)

आता 'दोन विस्थापनांची एकच कहाणी'. संस्थेने ही कल्पना तुमच्याच प्रस्तावातून उचलली असणार, कारण पत्रातही तुम्ही तसंच लिहिलंय: मीही विस्थापित, माझं गावही विस्थापित. इथे मी तुमच्याशी सहमत नाही. तुम्ही व्हिसा काढून गेलात, त्यांच्या दारावर नोटीस लागली. तुम्ही गेलात तेव्हा काय मिळणार याचा काही अंदाज होता. त्यांना नव्या गावठाणात सरकारने द्यायच्या अठरा नागरी सुविधांची यादी मिळाली आणि त्या यादीतल्या नळाला पाणी येतं की नाही हे तिथे राहायला गेल्यावर कळलं. कॅनडातली थंडी, पहिल्या वर्षांतलं एकटेपण, नावाचा उच्चार नीट न होणं, हे सगळं खरं आहे आणि त्यावर तुम्ही काम केलंच आहे. पण ते आणि हे एकाच तराजूत घातलंत की नव्या गावठाणातला माणूस म्हणणारच, तू तं निघून गेली.

मात्र एक दुःख तुमचं स्वतःचं आहे आणि पत्रात ते नीट आलेलंच नाही. बाहेर गेलेल्या बहुतेकांना परत यायला गाव असतं. दहा वर्षांनी आलं तरी वळण तेच, पार तोच. तुमच्या मागे गाव उठलं, आणि उठताना तुम्ही नव्हतात. ज्यांनी छपरावरचे कवेलू उतरवले, लाकूडफाटा ट्रॅक्टरमध्ये भरला, त्यांना निदान गावाचं शेवटचं करता आलं. माहितीपटात 'मी' म्हणायचंच असेल तर ते इथून म्हणा: ते उठवले गेले तेव्हा मी नव्हते, आणि मी जिथे होते तिथे त्यांच्याच पैशाने पोहोचले होते. यात दोन कहाण्या दोनच राहतात. मला तरी असा माहितीपट बघावासा वाटेल.

'आमची संस्कृती पाण्याखाली गेली' हे वाक्य लिहिताना तुम्ही घाई केलीत. दिवाळीत आलात, पण मंडईला थांबलात का? पत्रात तिचा उल्लेख नाही. भाऊबीज झाली की तुमच्या भागात गावोगाव मंडई भरते, पाहुणे येतात, दंडार हे लोकनाट्य होतं, रात्री नाटक असतं. वडशाच्या नाटक कंपन्या होळीपर्यंत पूर्व विदर्भातल्या झाडीपट्टीभर फिरत असतात. रात्री उशिरा पडदा वर जातो आणि उजाडेपर्यंत खेळ चालतो. लोक शाल पांघरून, शेंगा फोडत बसलेले. या रंगभूमीवरच्या परशुराम खुणे यांना २०२३ मध्ये पद्मश्री मिळाली. धरणाचं पाणी चढलं म्हणून हे सगळं बंद पडलेलं नाही. परदेशी प्रेक्षकाला विस्थापित माणूस पाण्याकडे बघत बसलेला आवडतो, हे तुम्हाला माझ्याहून चांगलं माहीत असेल. तोच माणूस त्याच रात्री मंडपात खलनायकाला शिव्या देत खदखदून हसत असेल, तर तेही यायला हवं.

मग बुडालं काय? बुडाल्या त्या जागा, आणि त्या जागांवर चालणारी कामं. एकच उदाहरण घ्या. उन्हाळ्यात वैनगंगेचं पात्र उघडं पडलं की मासेमारी करणारी ढीवर कुटुंबं वाळूत डांगरवाडी लावायची. वाळूत खड्डे करायचे, शेणखत टाकायचं, रोज पाणी घालायचं, राखणीला तिथेच झोपडी. डांगरं, टरबूजं, काकड्या पवनीच्या बाजारात जायच्या. मोजणीदार आले तेव्हा त्यांनी शेत मोजलं, घर मोजलं, आंब्याची आणि मोहाची झाडं मोजली. नदीच्या वाळूचा सातबारा नसतो, म्हणून वाडी कागदावर आलीच नाही. जे कागदावर नव्हतं त्याचा मोबदला कसला? तुमचं घर शेतीवालं होतं, म्हणून तुमच्याकडे निदान वाद घालायला एक रक्कम तरी आहे. नदीकडच्या वस्तीतल्या बाईला विचारा, भूमिहीन मजुराला विचारा, बौद्ध वस्तीतल्या माणसाला विचारा की जुनं गाव हवं होतं का. काहींचं उत्तर तुम्हाला आवडणार नाही. नव्या गावठाणात सगळ्यांचे प्लॉट एका ओळीत आले, रस्ता दारात आला, विहिरीवरून अडवणारं कोणी उरलं नाही, असं सांगणारेही भेटतील. एखादी सून म्हणेल की तिकडच्या चिखलापेक्षा हे बरं. 'आमची' म्हणण्याआधी तुमचं घर गावाच्या कोणत्या टोकाला होतं, ते एकदा डोळ्यांसमोर आणा.

या सगळ्यासाठी माझ्या मते तुमच्या आवाजापेक्षा एक कागद जास्त कामाचा आहे. संयुक्त मोजणीचा तक्ता आणि मोबदल्याच्या निवाड्याची प्रत बहुतेक घरांत प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून ठेवलेली असते. त्यात लिहिलेलं असतं: मातीच्या भिंती, छत कवेलूचं, इतक्या लांबी-रुंदीचं, आंबा इतके, मोह इतके, लिंबू एक, समोर रुपये. तो कागद घरातल्या माणसाने मोठ्याने वाचला की मधेच तो थांबतो आणि म्हणतो, हा आंबा तं यायनं चुकीचा लिवला, हा खोबऱ्या आंबा होता. इथून जे बोलणं सुरू होतं ते 'तुम्हाला कसं वाटलं?' असं विचारून कधी निघणार नाही. जुना गाव नकाशा तालुक्याच्या भूमी अभिलेख कार्यालयातून मिळवा. तो मोठ्या आकारात छापून समाजमंदिरात जमिनीवर अंथरा आणि म्हाताऱ्यांना कोण कुठे राहायचं ते मांडू द्या. भांडणं होतील. होऊ द्या.

तुमच्यापुढचे मार्ग आता. संस्थेची अट जशीच्या तशी मान्य करून मार्चमध्ये सही करणं मला पटत नाही. पण लगेच नकारही देऊ नका. त्यांना सविस्तर लिहा की माहितीपटाची भाषा मराठी आणि तिथली बोली राहील, खाली इंग्रजी शब्द येतील. माझा आवाज असेल, पण मराठीत आणि मोजका. आणि माझं परदेशी जाणं व गावाचं उठणं या वेगळ्या गोष्टी म्हणूनच येतील. पैसे देणारे प्रस्तावात लिहिलं असतं तेवढंच धरून बसतात, कारण दुसरं काही कोणी सुचवलेलंच नसतं. ते तयार झाले तर उत्तम. नाही झाले, तर लहान कॅमेरा, एक माणूस आणि दोन हंगाम एवढ्यात होणारा छोटा माहितीपट करा. संस्थेची मुदत मार्चची आहे; गावाला काही मार्चमध्ये उत्तर नकोय. आणि काहीच करायचं नाही असं ठरलं, तरी म्हाताऱ्यांचं बोलणं आवाजात नोंदवून घ्या. घरासाठी म्हणून.

पुढचं थोडं रुक्ष आहे. पण धरणात, खाणीत, अभयारण्यात गेलेल्या गावांवर काही करू पाहणारे, लिहिणारे, नुसते रील काढणारेही मला पत्रं पाठवतात, त्यांच्याही कामाचं आहे.

रोवणीच्या दिवसांत, म्हणजे जुलै-ऑगस्टमध्ये, आणि धान कापणीच्या वेळी मुलाखती मागायला जाऊ नका. तेव्हा बसून बोलायला कोणाकडे वेळ नसतो. कुणाचा पूर्ण दिवस घेतलात तर त्या दिवसाची मजुरी द्या. मुलाखतीचे पैसे दिले की माणूस आपल्याला हवं ते बोलतो, हा आक्षेप मला माहीत आहे, पण मजुरी बुडवून बोलणारा माणूसही उपकारापोटी काहीबाही बोलतोच.

संमतीचा इंग्रजी फॉर्म सहीसाठी पुढे करू नका. माहितीपट कुठे दिसेल, किती वर्षं राहील, इंटरनेटवर गेला तर सगळ्यांच्या मोबाइलवर येईल, हे मराठीत सांगा आणि ते सांगणंही रेकॉर्ड करा. संकलन पूर्ण होईपर्यंत "माझं काढून टाका" म्हणायची मुभा द्या, आणि कोणी म्हटलं तर खरंच काढा.

वाढीव मोबदल्याचे दावे कुणाचे चालू आहेत, ते आधी विचारा. १८९४ च्या जुन्या भूसंपादन कायद्याच्या कलम १८ खालचे दावे वर्षानुवर्षं रेंगाळतात. ज्याचा दावा चालू आहे त्याने कॅमेऱ्यासमोर "तेव्हा आम्हाला पैसे बरे मिळाले" असं सहज म्हटलेलं त्यालाच भोवू शकतं. अशा माणसाकडून रकमेबद्दल बोलून घेऊ नका. त्याच्या वकिलालाही एक फोन करा.

तुमच्यापुरतं: ओसीआय कार्ड आहे म्हणून कॅमेरा घेऊन कुठेही फिरता येईल असं धरून चालू नका. मार्च २०२१ च्या अधिसूचनेनुसार ओसीआयधारकांना पत्रकारिता आणि संशोधनासाठी विशेष परवानगी लागते, आणि परदेशी निर्मात्यांच्या माहितीपटांची परवानगी परराष्ट्र मंत्रालयाकडून घ्यावी लागते. तिकडच्या भारतीय उच्चायुक्तालयातून सुरुवात करा, वेळ हाताशी ठेवा. ड्रोन तिकडून आणू नका, फेब्रुवारी २०२२ पासून त्यांच्या आयातीवर बंदी आहे. इथला भाड्याने घेतलात तरी धरणाच्या आसपास उडवण्याआधी परवानगी काढा. खरं तर ड्रोन नसला तरी चालेल. वरून बुडित क्षेत्र फार सुंदर दिसतं. आंभोऱ्याला पाच नद्यांचा संगम आणि तो नवा पूल बघायला येणारे पर्यटक ते फोटो रोज काढतच असतात.

माहितीपटाचा पहिला खेळ गावठाणात करा, शाळेच्या पटांगणात, पडदा बांधून. टोरंटोच्या आधी. लोक मधेच ओरडतील, हसतील, "हे खोटं हाय" म्हणतील. जे खोटं ठरेल ते दुरुस्त करायला वेळ हाताशी असला पाहिजे, म्हणून हा खेळ संकलन बंद व्हायच्या आत ठेवा.

राहिले काकाजी. त्यांच्याकडे एकट्या जा, कॅमेरा नागपूरलाच ठेवून. त्यांनी चारचौघांत सुनावलं म्हणून तुम्ही चारचौघांत मनवायला जाऊ नका. फी किती होती, बाबांचे किती गेले, त्यांचे किती गेले, हे आकडे आईला विचारून आधी माहीत करून घ्या आणि त्यांच्यासमोर बोला. पैसे परत करायची भाषा पहिल्याच भेटीत काढलीत तर त्यांचा अपमान होईल. पण घराची डागडुजी, काकूचं औषधपाणी, एखाद्या पोराची फी, असं काही समोर आलं तर हात आखडता घेऊ नका, आणि त्याचा माहितीपटाशी संबंध जोडू नका. माहितीपटाची गोष्ट त्या भेटीत काढूच नका. पुढच्या भेटीत काढा. ते हो म्हणाले तर त्या कागदाची पिशवी मागा. नाही म्हणाले, तर ते आणि त्यांचं घर वगळून माहितीपट करा. गाव तेवढंच नव्हतं.

आणि चुलत भावाला आजच कळवा की काही काढून पाठवू नकोस. तुम्ही तिकडे निघून जाल, त्याला त्याच घरात बापासमोर जेवायला बसायचंय.